शेठला सज्जन करा

बोलायला सुरुवात करण्याआधी चाचा हाताशी असेल त्या वस्तूवर दोन टिचक्या मारायचे. चहाचा ग्लास, स्टेपलर, टाइल्सचं खोकं, एकदा तर आमच्या कॅशियरचं टक्कल. मग घसा खाकरून म्हणायचे, "हॅलो, हॅलो. मंडळी, आवाज येतोय ना?" माइक नसायचा. मंडळी म्हणजे मी आणि तो कॅशियर. आवाज न यायला आम्ही काय समुद्रापलीकडे बसलो होतो? पण "येतोय, चाचा, येतोय" असं म्हटल्याशिवाय पुढचा शब्द निघत नसे.

माइक हातात आला की परत न देणारी माणसं तुम्हीही पाहिली असतील. चाचांना माइक लागतच नव्हता, एवढाच फरक.

आमची कंपनी टाइल्स, नळ आणि बेसिनं विकते. मी हिशेबात, चाचा सलमाबादच्या गोदामात. मी पुण्याची, त्यात अकाउंटंट, म्हणजे स्वभावाबद्दल वेगळं सांगायला नको. चाचा रत्नागिरीच्या बाजूचे, कोकणी मुसलमान. मिसरूड फुटायच्या वयात बहारीनला आले आणि इथेच राहिले. पगाराच्या कागदावर त्यांचं नाव होतं, पण मालकापासून पाणी आणून देणाऱ्यापर्यंत सगळे चाचाच म्हणायचे. मालकांना आम्ही साहेब म्हणायचो. आमचे साहेब मराठीच, ठाण्याकडचे. एका छोट्या दुकानापासून सुरू करून जनाबियाच्या बंगल्यापर्यंत पोचलेले.

चाचांचं खरं काम शुक्रवारी सकाळी चालायचं. कोकणातल्या पोरांची टेनिस बॉलची क्रिकेट लीग आहे इथे. वाळूचं मैदान, मध्ये सिमेंटची पट्टी, कडेला एक तंबू आणि त्यात टेबल टाकून चाचा. गावाकडे स्पर्धा असली की भोंग्यावर जसं समालोचन चालतं, तसं ते इथे करायचे. "गोलंदाज निघालाय. पोट थोडं पुढे निघालंय, मागून गोलंदाज येतोय." पोरं हसता हसता कॅच सोडायची. एकदा त्यांचा सख्खा भाचा पायचीत होता आणि पंचांनी बोट वर केलं नाही. चाचा माइकवरून म्हणाले, "पाय मधोमध होता. पोरगा माझ्या बहिणीचा हाय, आज जेवायला माझ्याकडेच हाय, पण पाय मधोमध होता." भाचा आठवडाभर बोलला नाही. मी विचारलं, "कशाला बोललात हो?" तर म्हणाले, "ताई, आपलं एकच. दिसतं ते सांगायचं. पदरचं नाय घालायचं."

ऑफिसातही हेच. साहेबांनी नवी गाडी मागे घेताना गोदामाच्या खांबाला घासली, तेव्हा चाचा दारात उभे राहून हळू आवाजात सुरू झाले. "खांब आपल्या जागेवर उभा हाय. खांबाची काय हालचाल नाय. गाडी येतेय, गाडी येतेय... खांबाने गाडी अडवलेली हाय." साहेबांनी ऐकलं. मी म्हटलं, संपलं. पण साहेब गाडीला टेकून इतके हसले की त्यांना ठसका लागला. माणूस वाईट नव्हताच तो. कुणाच्या घरी काही बरंवाईट झालं तर तिकीट काढून द्यायला पहिले पुढे. फक्त आपल्यावर हसायचं की नाही, हे ते स्वतः ठरवायचे.

आता सिनेमाकडे येते.

आमचं मराठी मंडळींचं एक छोटं फिल्म सर्कल आहे. मनामात एका रेस्टॉरंटच्या वर हॉल मिळतो, तिथे आम्ही महिन्याला एक सिनेमा बघतो आणि त्यापेक्षा जास्त वेळ जेवतो. चिटणीस म्हणून जे गृहस्थ आहेत ते बँकेत आहेत आणि उत्साही आहेत, आणि हे दोन्ही गुण एकत्र आले की काय होतं ते मी भोगलंय. त्यांनी कुणाकडून तरी एक जुना जपानी मूकपट मिळवला. गुन्हेगारीपट, बड्या लोकांच्या भ्रष्टाचाराचा. हॉल ठरला, मेसेज गेले, जेवणाचा मेनू ठरला. मग कुणीतरी सुचवलं, एकदा लावून तरी बघा. लावला. अधूनमधून पडद्यावर अक्षरांच्या पाट्या येत होत्या आणि सगळ्या जपानीत. खाली इंग्रजीचा एक शब्द नाही. संगीतसुद्धा नाही.

"अहो, हे वाचणार कोण?" मी विचारलं.

"मूकपट आहे ना," चिटणीस म्हणाले. "मला वाटलं, मुक्याला भाषेचा प्रश्न येतच नाही."

मला त्यांच्या बँकेची काळजी वाटली. पण रागावून झाल्यावर मला एक गोष्ट आठवली. मूकपटाच्या काळात जपानात म्हणे पडद्याशेजारी एक माणूस उभा राहायचा. गोष्ट तो सांगायचा, सगळ्यांचे संवाद तोच बोलायचा, आणि लोक नटापेक्षा त्याच्या नावावर तिकिटं काढायचे. मी म्हटलं, असा माणूस आपल्याकडे आहे की. टाइल्सच्या गोदामात बसलाय.

चाचांनी सिनेमा माझ्या लॅपटॉपवर, जेवणाच्या सुट्टीत बघितला. जपानचं त्यांना काही म्हणजे काही ठाऊक नव्हतं. किमोनो बघून म्हणाले, "हा माणूस दिवसभर आंघोळीला का निघालाय?" पण गोष्ट त्यांना लगेच कळली. आणि गोष्ट सोपीच होती. समुद्रकाठचं एक गाव. तिथल्या एका धनाढ्य शेठला कोळ्यांच्या झोपड्या उठवून धक्का बांधायचाय. त्यासाठी तो गावच्या अधिकाऱ्याला मोठा मासा भेट पाठवतो आणि माशाच्या पोटात मोती भरलेले असतात. मासा पोचवतो शेठच्या पेढीवरचा म्हातारा कारकून. एक तरुण पोलीस चौकशी करायला लागतो. शेठ हात वर करतो आणि कारकून आत जातो. शेवटी भर मेजवानीत पोलीस शेठलाही पकडतो. बस, एवढंच.

"करीन," चाचा म्हणाले. "मजा येईल. मैदानावरची पोरं पण येतील, ताई. चालतील ना तुमच्या लोकांना?"

आमच्या लोकांना चालतील का, हा प्रश्न विचारावा लागला याची मला लाज वाटली. एकच भाषा बोलणारे आम्ही, इथे वर्षानुवर्षं राहतो, आणि दिवाळी-ईदचा निरोप फोनवर पाठवण्यापलीकडे एकत्र बसत नाही. मी म्हटलं, "खुर्च्या वाढवते."

हॉलचं आणि जेवणाचं बिल साहेब द्यायचे. ते आमचे आश्रयदाते. त्यामुळे त्यांना खबर लागणारच होती. कार्यक्रमाच्या आठवड्यात त्यांनी मला आणि चाचांना केबिनमध्ये बोलावलं.

"ताई, सिनेमात गुन्हेगार कोण आहे?"

"शेठ," मी म्हटलं.

"बघा. म्हणजे हॉल माझा, जेवण माझं, पहिल्या रांगेत मी, शेजारी माझी चार मोठी गिऱ्हाइकं. आणि पडद्यावर शेठ चोर."

"साहेब, खूप जुना सिनेमा आहे. आपल्या सगळ्यांच्या जन्माआधीचा."

"शेठ तेव्हाही शेठच असणार ना?" ते हसून म्हणाले. मग पेन टेबलावर ठेवलं. "त्या पाट्या जपानी आहेत. वाचता कुणालाच येत नाहीत. मग गोष्ट काय, चाचा सांगतील तीच. शेठला सज्जन करा. पोलिसाचं काय करायचं ते करा, माझी हरकत नाही."

मी काही बोलणार तेवढ्यात ते चाचांकडे वळले. आवाज अगदी साधा, चहा घेणार का विचारावं तसा. "आणि चाचा, तुमच्या रेसिडेन्सचं. कार्यक्रम झाला की बसू आपण."

त्या वर्षी कंपनीने साठी उलटलेल्यांना घरी पाठवायला सुरुवात केली होती. चाचांच्या इथे राहण्याच्या परवान्याची मुदत दोन महिन्यांवर आली होती. साहेबांनी सही केली तर पुढचं वर्ष, नाहीतर सामान बांधा.

"होईल, साहेब," चाचा म्हणाले. "शेठ सज्जन. खलास."

बाहेर आल्यावर मी त्यांना जिन्यात गाठलं. मी म्हटलं, "कार्यक्रमच रद्द करते. नको तो सिनेमा आणि नको ते जेवण."

"नका करू. मग साहेबांना वाटेल मीच सांगितलं रद्द करायला."

"अहो, पण असं कसं सांगणार तुम्ही? चोराला साव?"

चाचा जिन्याच्या पायरीवर बसले. मी त्यांना कामाच्या वेळात बसलेलं कधी पाहिलं नव्हतं. "ताई, थोरल्या दोघींची लग्नं झाली. ही धाकटी अकरावीत हाय. हुशार हाय. पुढचं वर्ष बारावीचं. आता मधेच उचलून गावाला नेली तर कुठलं कॉलेज, कुठलं बोर्ड, सगळं पहिल्यापासून. एक वर्ष, बस. मग मला कुठं पण सोडा."

"आणि दिसतं ते सांगायचं, ते कुठे गेलं?"

"ते क्रिकेटात," ते म्हणाले.

मला इतका संताप आला की मी पुढचे दोन दिवस त्यांच्याशी कामापुरतंच बोलले. साहेबांवर रागावायची सोय नव्हती, म्हणून त्यांच्यावर रागावले. आपण सगळे असंच करतो. ते मात्र रोज जेवणाच्या सुट्टीत येऊन लॅपटॉप मागायचे आणि कोपऱ्यात बसून सिनेमा पुन्हा पुन्हा बघायचे. ओठ हलत असायचे.

कार्यक्रमाच्या संध्याकाळी हॉल भरला. अर्ध्यात आमची मंडळी, कडक इस्त्रीची. अर्ध्यात मैदानावरची पोरं, काहींच्या अंगात टीमचे टी-शर्ट. मागच्या रांगेत चाची आणि त्यांच्याजवळ धाकटी. तिला मराठी सगळं समजतं, बोलते इंग्रजीत. बापाने माइकवर टिचक्या मारल्या तशी ती खुर्चीत खाली सरकली आणि पुटपुटली, "अब्बा, प्लीज." हॉलचा मालक बहारीनी, त्याला मराठीचं अक्षर येत नाही, तोही दाराशी उभा राहिला. पहिल्या रांगेत साहेब आणि त्यांची गिऱ्हाइकं.

सिनेमा सुरू झाला. पडद्यावर शेठ आला. जाडजूड, मिश्या, हातात सिगार.

"हे आपले शेठ," चाचा म्हणाले. "देवमाणूस. गावात एवढा सज्जन माणूस शोधून सापडायचा नाय."

साहेब मागे रेलून बसले. माझं तोंड कडू झालं.

पडद्यावर शेठ किनाऱ्यावरून चालतो आणि वाटेतली एका कोळणीची माशांची पाटी लाथेने उडवतो. चाचा शांतपणे म्हणाले, "पाटी वाकडी होती. शेठनी सरळ केली. हाताने केली असती, पण हातात सिगार हाय."

मागून कुणीतरी फिसकन हसलं.

कोळीण रडायला लागते. "बाई आनंदाने रडतेय. आजवर कुणी तिच्या पाटीकडे लक्ष दिलं नव्हतं."

आता हसू पसरलं. मी चाचांकडे बघितलं. चेहऱ्यावर रेघ हललेली नाही. ठरल्याप्रमाणे ते शेठला सज्जन करत होते, एका शब्दाचीही कसूर नव्हती. फक्त पडदा त्यांच्या बाजूने नव्हता.

मग मासा आला. शेठ बंद खोलीत, पडदे ओढून, माशाचं पोट शिवून घेतोय. "मासा फाटला होता. शेठ स्वतः उभे राहून शिवून घेतायत. मुक्या जीवाबद्दल केवढी माया." तो मासा अधिकाऱ्याच्या घरी जातो. "आपण नाय का, चांगली कोळंबी मिळाली की शेजारी धाडतो? तसंच. गाव लांब असलं म्हणून काय झालं, रीत तीच." अधिकारी दाराला कडी लावतो, पोट उसवतो आणि मोती घरंगळून टेबलावर पडतात. चाचा क्षणभर थांबले. "अरेरे. मुतखडे."

हॉलमध्ये हशा फुटला. चाचा हात वर करून म्हणाले, "हसू नका, मंडळी. माझे स्वतःचे सलमानियाच्या इस्पितळात काढलेत. डॉक्टरांनी हातात दिले होते. अस्सेच."

बँकवाले चिटणीस खुर्चीवरून घसरले. हॉलच्या मालकाला भाषा कळत नव्हती, पण मोती कळले. जपानच्या कल्चर मोत्यांनी त्याच्या आजोबांचा मोत्यांचा धंदा बुडवला होता, त्यामुळे तो सगळ्यांच्या आधी शेठच्या विरोधात गेला होता आणि मोठमोठ्याने अरबीत काहीतरी सांगत होता. अधिकारी मोती बायकोच्या कमरपट्ट्यात दडवतो. "तपासणीला द्यायचेत. हरवू नयेत म्हणून बाईंकडे दिले."

मी साहेबांकडे बघत होते. आधी ते खुशीत मान डोलवत होते. मग शेजारचं गिऱ्हाईक हसायला लागलं तसे तेही हसले. मुतखड्यांना तर खदखदून. मग कुठेतरी हसता हसता त्यांचं हसू बंद पडलं. ते हाताची घडी घालून बसले. आपल्यावर हसायचं की नाही हे या वेळी त्यांना कुणी विचारलं नव्हतं.

पोलीस आला. "हा उगाच चौकशा करतोय. पगार मिळतो म्हणून काय काम करायचं असतं?" पोरांनी शिट्ट्या मारल्या.

आणि मग कारकुनाचा भाग आला.

पोलीस पेढीवर येतात. म्हातारा कारकून उभा राहतो. शेठ खिडकीशी पाठ करून उभा. पोलीस काहीतरी विचारतो, शेठ न वळता बोटाने कारकुनाकडे दाखवतो. कारकून एकदा शेठकडे बघतो, एकदा स्वतःच्या हातांकडे बघतो. त्याला घेऊन जातात. बाहेर त्याची बायको डबा घेऊन उभी असते.

सगळे चाचांच्या पुढच्या वाक्याची वाट बघत होते, हसायच्या तयारीत. चाचा काही बोलले नाहीत.

इथे मला एक सांगायला हवं. दर दिवाळीला आणि रमझानला आमच्या कंपनीकडून मोठमोठ्या गिऱ्हाइकांकडे खरेदी बघणाऱ्या अधिकाऱ्यांना भेटीचे डबे जायचे. मखमली कापडात बांधलेले, दोरीला गाठ, गाठीवर मेणाचा ठसा. आत खजूर, असं आम्ही सगळे समजायचो. काही डबे उचलायला खजुरांच्या मानाने जड असायचे. घरोघर ते पोचवायला गोदामाची गाडी घेऊन जायचे चाचा. वर्षानुवर्षं. साहेबांचा दुसऱ्या कुणावर भरवसा नव्हता.

हॉलमध्ये एसीची घरघर ऐकू येत होती. पडद्यावर ती बाई डबा धरून उभी होती. शेवटी चाचा बोलले. समालोचनाचा आवाज नव्हता तो, जिन्यात बसून बोलले होते तो होता.

"मंडळी, इथं शेठबद्दल सांगण्यासारखं काय नाय. हा माणूस मासा घेऊन गेला. आत काय होतं ते त्याला कुणी सांगितलं नव्हतं. एवढंच."

त्यानंतर शेवटपर्यंत त्यांनी गोष्ट सरळ सांगितली. शेठ चोर तो चोर, पोलीस पोलीस. मेजवानीत शेठला धरतात तिथे पुन्हा जरा खुलले, पण कुणी फारसं हसलं नाही, सगळे पुढे सरकून बघत होते. सिनेमा संपल्यावर टाळ्या थांबेनात. आमच्या बायका मैदानावरच्या पोरांना विचारत होत्या, सामने कधी असतात, यायला चालतं का. मला त्या गर्दीत एकच दिसत होतं, दोन महिन्यांवर आलेली मुदत. एवढी तारेवरची कसरत छान जमली होती, शेवटी कशाला बोललात हो, असं ओरडावंसं वाटत होतं. आणि त्याच वेळी त्या माणसाच्या पाया पडावंसंही वाटत होतं.

साहेब आभाराला उठले. माइक हातात घेतला, बघत राहिले. म्हणाले, "जेवायला चला," आणि खाली बसले. जेवले नाहीत. गिऱ्हाइकांना पोचवून लवकर निघून गेले.

चाचा कोपऱ्यात एकटेच उभे होते. धाकटी ताट वाढून घेऊन आली. बापाच्या हातात दिलं, आणि दुसऱ्या हातातला माइक काढून घेतला. "गिव्ह मी दॅट, अब्बा," ती म्हणाली. ते ताट धरून उभेच राहिले, मी होते तोवर तरी जेवले नाहीत.

रविवारी, इथल्या आठवड्याच्या पहिल्या दिवशी, ऑफिस उघडलं आणि साहेबांनी चाचांना आत बोलावलं. केबिनला काच आहे. मी हिशेब उघडून बसले आणि एकही आकडा बघितला नाही. साहेब बोलत होते, चाचा उभे होते. मग साहेब थांबले. मग चाचा काहीतरी बोलले. काचेपलीकडून आवाज येत नव्हता आणि सांगायला मधे कुणी नव्हतं.

चाचा बाहेर आले ते थेट माझ्या टेबलाशी.

"साहेब बोलले, 'त्या कारकुनाला माहीत नव्हतं हे कशावरून?' मी बोललो, 'त्याच्या तोंडावर दिसतंय, साहेब.' साहेब बोलले, 'माहीत असेलही.'"

"मग?"

"मी बोललो, 'असेल. पण विचारायची त्याची टाप नव्हती.'"

"चाचा!" मी कपाळावर हात मारला. "अहो, आणि रेसिडेन्स?"

"सही केली. एक वर्ष." त्यांनी डोळे पुसले आणि वर माझ्यावरच खेकसले, "आता तरी चहा पाजा. दोन दिवस तोंड फिरवून बसला होतात."

साहेब सुधारले का, असं तुम्ही विचाराल. एका सिनेमाने माणूस सुधारला असता तर आमच्या फिल्म सर्कलने एव्हाना सगळं बेट सुधारलं असतं. पुढच्या दिवाळीला डबे निघालेच. मखमल तीच, गाठ तीच. पण ते न्यायला साहेबांनी भाड्याची गाडी बोलावली. रमझानमध्येही तसंच. चाचा गोदामाच्या दारात उभे राहून ती गाडी जाताना बघायचे आणि आत जाऊन बेसिनं मोजायला लागायचे. ते वर्ष त्यांचं फार मजेत गेलं. मैदानावर आमच्या बायका डबे घेऊन जायला लागल्या, चाचीच्या हातच्या सांदणांची रेसिपी व्हॉट्सअॅपवर फिरली, आणि फिल्म सर्कलने हट्टाने मूकपटच लावले, पाट्या वाचता येत असल्या तरी त्या झाकून.

धाकटी बारावीला वर्गात दुसरी आली. मी पेढे वाटले. चाचांना वाटायचे होते, पण त्यांना वाटता वाटता रडू यायला लागलं म्हणून मी त्यांच्या हातातून बॉक्स काढून घेतला. तिला मुंबईत कॉलेज मिळालं. मुदत संपली आणि कबूल केल्याप्रमाणे चाचांनी सामान बांधलं.

शेवटच्या दिवशी गोदामात सगळे जमलो. भाषण करा म्हटलं तर चाचा म्हणाले, "आज नको. आज आवाज बसलाय." बसला नव्हता, चांगला होता. कॅशियर रडला. बाहेर विमानतळाची गाडी उभी होती, चाची आणि मुलगी आत बसल्या होत्या.

तेवढ्यात साहेब आले. हातात मखमली डबा. दोरी, गाठ, गाठीवर ठसा.

आम्ही सगळे त्या डब्याकडे बघायला लागलो. चाचांनी दोन्ही हात पुढे केले. आमच्याकडे भेट घेताना माणूस तशीच घेतो, देणाऱ्यासमोर उघडत नाही. साहेबांनी डबा पुढे केला आणि मधेच थांबले.

"थांबा," ते म्हणाले. "उघडून देतो."

त्यांनी नखाने ठसा फोडला. गाठ सुटेना. साहेबांनी आयुष्यात बहुतेक ती बांधायलाच सांगितली असेल, सोडवली कधी नसेल. कुणीतरी कात्री आणायला निघालं, त्यांनी मानेने नको म्हटलं. शेवटी दात लावून त्यांनी ती सोडवली, झाकण काढलं आणि डबा चाचांच्या समोर, सगळ्यांना दिसेल असा, तिरका धरला.

खजूर होते.

चाचांनी बराच वेळ बघितलं. मग एक उचलला आणि आधी साहेबांपुढे धरला. साहेबांनी तो घेतला, खाल्ला. चाचा डबा छातीशी धरून गाडीत बसले, चाचीने काचेतून हात हलवला, गाडी गल्लीच्या तोंडाशी वळली. आम्ही हळूहळू आत गेलो. साहेब उन्हात तिथेच उभे होते. खजुराची बी कुठे टाकावी ते त्यांना कळत नव्हतं, म्हणून मुठीत धरून.